पणजोबांच्या पाट्या : मूकपटाच्या काळातली एक ट्रंक वाचवताना (प्रकल्प नोंदी)

माझे पणजोबा मूकपटांच्या पाट्या लिहायचे. दोन दृश्यांच्या मध्ये पडद्यावर जी अक्षरं येत, कोण काय बोललं, पुढे काय झालं ते सांगणारी, ती त्यांच्या हातची. त्यांचं नाव कुठल्याही जाहिरातीत नाही. आपल्याकडे तेराशेच्या आसपास मूकपट निघाले, त्यांतले अगदी मोजके उरले, तेही बरेचसे तुकड्यांत. घरात असं काही सापडलं तर काय करावं आणि मुख्य म्हणजे काय करू नये, हे दुसऱ्या कुणाला उपयोगी पडावं म्हणून या नोंदी ठेवते आहे.

१२ जानेवारी २०२५

गिरगावातली आमची चाळ पुनर्विकासाला गेली. जूनअखेर खोली रिकामी करून द्यायची आहे. आत्या (वय ८२) तिथे एकटी राहते. आज पोटमाळा उपसला. भांडी, गणपतीचं मखर, आणि सगळ्यात मागे पत्र्याची ट्रंक. "तुझ्या पणजोबांची आहे. बाबांनी कधी उघडू दिली नाही," आत्या म्हणाली.

आत निघालं ते असं : जाड पुठ्ठ्याच्या काळ्या रंगवलेल्या २३ पाट्या, त्यांवर पांढरी अक्षरं. लाल फडक्यात बांधलेली मोडीतली एक लांब वही. कुंचले. आणि फिल्मचा एक गंजलेला गोल डबा.

पहिली चूक लगेच केली. सगळं बाहेर काढून जमिनीवर पसरलं. कोणती पाटी कोणत्या पाटीखाली होती, वही कुठे होती, याचा फोटो काढला नाही. ट्रंकेतला क्रम हीसुद्धा माहिती असते, आणि ती दहा मिनिटांत कायमची गेली. तुम्ही आधी फोटो काढा, मग हात लावा.

१३ जानेवारी

दुसरी चूक. पाट्यांवर धुळीचा थर होता, म्हणून ओल्या फडक्याने एक पुसली. फडकं पांढरं झालं. रंग सफेदा आणि डिंकाचा असावा, पाणी लागताच विरघळला. 'अंत' या शब्दावरचा अनुस्वार माझ्या हाताने गेला. शंभर वर्षं टिकलेला ठिपका. त्या रात्री झोप लागली नाही.

यानंतर फक्त मऊ कोरडा ब्रश, तोही पुठ्ठ्याच्या मोकळ्या भागावर. अक्षरांना अजिबात नाही. धूळ राहिली तर राहू दे.

१८ जानेवारी

डबा उघडला. कुठे उघडला तेही लिहिते, कारण असं कुणीच करू नये : स्वयंपाकघरात, दार लावून, देवापुढे निरांजन तेवत असताना.

आंबूस, नाकात झोंबणारा वास आला. आत पाच छोटी वेटोळी होती. दोनांची तपकिरी पूड झाली होती. एक मधासारखं चिकट. दोन ठीक दिसत होती. वासाने डोकं दुखायला लागलं म्हणून डबा मिटला, तेवढंच शहाणपण.

संध्याकाळी वाचायला बसले आणि हातपाय गार पडले. त्या काळची ३५ मिलिमीटरची फिल्म नायट्रेटची. ती जळताना स्वतःच ऑक्सिजन तयार करते, त्यामुळे पेटली की पाण्याने विझत नाही, पाण्याखालीसुद्धा जळत राहते. कुजलेली तर आणखी लवकर पेट घेते. २००३ साली पुण्यात नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागून कितीतरी जुन्या चित्रपटांची मूळ रिळं गेली. आणि आमच्याकडे हा डबा गॅसच्या शेगडीच्या बरोबर वर, पोटमाळ्यावर, किती उन्हाळे होता कोण जाणे.

डबा रात्रीच गॅलरीच्या टोकाला, जिथे ऊन येत नाही, तिथे नेऊन ठेवला. झाकण नुसतं टेकवून, घट्ट न लावता, म्हणजे आतला वायू कोंडणार नाही. शेजाऱ्यांना सांगितलं, तिथे विडी-सिगारेट ओढू नका. आत्याने डब्याजवळ खडूने रेघ आखली.

२० जानेवारी

दोन ठिकाणी पत्र आणि फोटो पाठवले : पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय (१९६४ पासूनचं) आणि मुंबईतलं फिल्म हेरिटेज फाउंडेशन. फिल्म सापडली तर आधी अशा ठिकाणी कळवा. कुरिअरने पाठवू नका, लोकलने किंवा गाडीने स्वतः घेऊन जाऊ नका, आणि 'थोडासा तुकडा जाळून बघू' असं सुचवणाऱ्याला घराबाहेर काढा. माझ्या चुलतभावाने तसं सुचवलं होतं.

२ फेब्रुवारी

फिल्म बघायला तज्ज्ञ बाई आल्या. चाळीच्या चौकात, मोकळ्या हवेत, हातमोजे घालून त्यांनी डबा उघडला. पूड झालेली वेटोळी पाण्याच्या बादलीत बुडवून वेगळी केली. चिकटलेलं सुटणार नाही म्हणाल्या. उरलेली दोन त्यांनी हलक्या हाताने फूटभर उलगडली आणि काठावर भिंग धरलं.

काठावर बारीक अक्षरात 'ईस्टमन', 'कोडॅक', आणि पुढे दोन छोटे त्रिकोण. कोडॅक दर वर्षीच्या फिल्मवर वेगळी खूण छापायची, गोल, चौकोन, त्रिकोण यांच्या जोड्या करून. दोन त्रिकोण म्हणजे १९२१. पण ही खूणमाला वीस वर्षांनी पुन्हा सुरू होते, म्हणजे १९४१ सुद्धा. १९४१ नाही हे चौकटीवरून ठरलं. बोलपटाच्या फिल्मवर एका कडेला आवाजाची पट्टी असते. इथे चित्र दोन्हीकडच्या भोकांपर्यंत पूर्ण रुंद आहे.

हे साल कोरी फिल्म तयार झाल्याचं, चित्रण झाल्याचं नव्हे. बाईंनी हे दोनदा बजावलं. चुलतभाऊ मात्र तोवर चाळभर सांगून आला होता.

दोन्ही वेटोळी त्यांच्याच गाडीतून, त्यांच्या पेटीतून गेली. पावती घेतली. ठेव म्हणून दिलं की देणगी म्हणून, हे पावतीवर स्पष्ट लिहून घ्या. आम्ही देणगी दिली, आणि स्कॅनची प्रत कुटुंबाला मिळेल असं लिहून घेतलं. आमचा खर्च शून्य.

८ फेब्रुवारी

पाट्यांकडे वळले. आजवरचं सगळ्यात मोठं नुकसान याच आठवड्यात झालं.

घाई झाली होती म्हणून सहा पाट्या फोर्टमधल्या एका दुकानात स्कॅन करायला दिल्या. मोठे नकाशे स्कॅन करणारं दुकान. मला वाटलं होतं पाटी काचेवर ठेवतील. त्यांनी पहिलीच पाटी रोलरमधून सरकवली. पुठ्ठा वाकला आणि खालचा डावा कोपरा, अडीच ओळींचा रंग, खपल्यांनी उडाला. मी समोर उभी होते. ओरडले तोवर पाटी दुसऱ्या बाजूने बाहेर आली होती. खपल्या टेबलावरून कागदावर झटकून घरी आणल्या, अजून पाकिटात आहेत. दुकानदाराने पैसे घेतले नाहीत, पण चूक माझीच. मशीन कोणतं ते विचारायला हवं होतं.

ती पाटी क्रमांक १४.

१५ फेब्रुवारी ते २ मार्च

घरीच कॅमेऱ्याने काढायचं ठरवलं. रंग सुटत असेल तर पाटी काचेवर पालथी दाबणं हाही धोकाच आहे, त्यामुळे साधा स्कॅनरही बाद. पाटी टेबलावर आडवी, कॅमेरा वरून, दोन्ही बाजूंना ४५ अंशांत दिवे. ट्रायपॉड मैत्रिणीचा. मॅक्रो लेन्स दोन दिवस भाड्याने १,५०० रुपये, पण दोन दिवसांत फक्त नऊ पाट्या झाल्या, म्हणून पुन्हा १,५००. अॅसिड नसलेले टिश्यू, फोल्डर आणि पेट्या ४,२००. आर्द्रता मोजायचं यंत्र ४५०.

प्रत्येक पाटीचे तीन फोटो : समोरून, मागून, आणि एक बाजूने अगदी तिरपा उजेड पाडून. तिसरा फोटो मी नुसता एका ठिकाणी वाचलं म्हणून काढत होते. पण त्यातच पणजोबा भेटले.

तिरप्या उजेडात काळ्या रंगाखालचं सगळं वर येतं. पेन्सिलीने आखलेली अक्षरांची उंची. एका ठिकाणी खरवडून दुरुस्त केलेला 'ळ'. त्यांचा 'ळ' वेगळाच आहे, डावीकडचं वेटोळं उजव्यापेक्षा लहान, आणि मध्ये कुंचला उचललेला दिसतो. आणि प्रत्येक ओळीखाली एक फिकट पांढरी रेघ, जिच्या दोन्ही बाजूंना खडूची भुकटी उडालेली. पट्टीने आखलेल्या रेघेला अशी भुकटी उडत नाही. ही काय भानगड, कळेना. वहीत (माझ्या) प्रश्नचिन्ह टाकून ठेवलं.

फाईली टिफमध्ये (फोटोतला बारकावा न गमावणारा फाईलचा प्रकार), दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर, एक माझ्याकडे डोंबिवलीला आणि एक चुलतभावाकडे. नाव देताना नुसते आकडे : पाटी क्रमांक, बाजू, तारीख. पहिल्या दिवशी मी 'सुंदर पाटी', 'फाटकी पाटी' अशी नावं दिली होती. दोन आठवड्यांनी त्यांचा मलाच अर्थ लागेना, सगळ्यांची नावं बदलण्यात एक रविवार गेला.

१६ मार्च

वही मोडीत. आमच्या घरात मोडी वाचणारे शेवटचे आजोबा. मोडीचे वर्ग घेणाऱ्या एका बाईंनी काम घेतलं, पानाला १०० रुपये, ४८ पानं, ४,८०० रुपये. मोबाईलवर काढलेले फोटो त्यांनी परत पाठवले. मोडीत शब्द सुटे नसतात, आधी रेघ ओढून खाली अक्षरं एकमेकांत ओवलेली, त्यामुळे पानाचा कडेचा वाकलेला भाग धूसर असेल तर पूर्ण ओळच जाते. पुन्हा सगळी पानं काढली. वही पूर्ण उघडून दाबायची नाही, खाली दोन्हीकडे घडी केलेले पंचे ठेवून अर्धवट उघडी ठेवायची.

६ एप्रिल

पहिली वीस पानं वाचून आली. हिशेब आहेत, आणि मध्येमध्ये पाट्यांचे मजकूर. मजकुरापुढे 'फु.' आणि आकडा. बाईंनी कंसात लिहिलं होतं : फुले? पाट्यांच्या कडेला वेलबुट्टी असते, तिचा हिशेब असेल असं आम्ही धरलं.

नेणाऱ्याच्या जागी 'को. कं. दादर'. आत्याने आजोबांकडून ऐकलं होतं की पणजोबा कोहिनूरचं काम करायचे. द्वारकादास संपत यांची कोहिनूर फिल्म कंपनी दादरलाच होती. पटलं.

आणि एका ओळीत : 'सुत २ आणे'. म्हणजे मुलाला दोन आणे. मुलगा म्हणजे माझे आजोबा, तेव्हा सहा-सात वर्षांचे. आत्याला फोनवर वाचून दाखवलं. ती काही बोललीच नाही थोडा वेळ. मग म्हणाली, "परत वाच."

१३ एप्रिल

तारखेची चूक. पाट्यांचा एक मोठा गट 'पौष शके १८४३' मध्ये आहे. मी ७८ मिळवून १९२१ लिहिलं. चुलतभाऊ खूश, कारण फिल्मही १९२१ची, आणि कोहिनूरचा 'भक्त विदुर' १९२१चाच, ज्यावर मद्रास आणि कराचीत बंदी आली होती. 'पणजोबांनी भक्त विदुरच्या पाट्या लिहिल्या' असं वाक्य त्याने कुटुंबाच्या व्हॉट्सअॅप गटावर टाकूनही दिलं.

मोडीच्या बाईंनी चूक दाखवली. शक चैत्रात बदलतो, इंग्रजी वर्ष जानेवारीत. पौष या दोन्हींच्या मध्ये अडकतो, आणि माघ-फाल्गुनला सरळ ७९ मिळवावे लागतात. शके १८४३चा पौष जवळजवळ पूर्ण जानेवारी १९२२ मध्ये येतो. तोवर 'भक्त विदुर' लागूनही गेला होता. या पाट्या त्याच्या नाहीत.

गटावर दुरुस्ती टाकली. भाऊ नाराज झाला, दोन दिवस बोलला नाही. पण माणसाला नसलेलं श्रेय चिकटवणं म्हणजे असलेलं पुसणंच. त्यांचं काम त्यांच्या नावावर लागायला हवं, दुसऱ्या कुणाच्या प्रसिद्धीवर नाही.

२० एप्रिल

'सुत' डोक्यातून जात नव्हतं. वाचून आलेली सगळी पानं पुन्हा चाळली. मुलाचा उल्लेख आणखी अकरा ठिकाणी आहे आणि दर वेळी 'चि.' आहे. चिरंजीवाला औषध, चिरंजीवाला पाटी-पेन्सिल. मग एकदाच 'सुत' कसा? आणि आणखी एका पानावर : 'सुत व खडू'.

मोडीत ऱ्हस्व-दीर्घ वेगळं नसतं. सुत नव्हे, सूत. दोरा. दोऱ्याला खडू चोळायचा, दोन टोकं ताणून धरायची, मध्ये चिमटीत उचलून सोडायचा. सपकन रेघ उठते आणि दोन्ही बाजूंना भुकटी उडते. तिरप्या उजेडातली ती रेघ.

एक कोडं सुटल्याचा आनंद झाला आणि लगेच आत्याची आठवण आली. दुसऱ्या दिवशी प्रत्यक्ष जाऊन सांगितलं. तिने ऐकून घेतलं, मग म्हणाली, "अगं, ते दुसरं टोक बाबाच धरायचे. दुकानांच्या मोठ्या पाट्या असायच्या तेव्हा. ढिला सोडला तर टपली बसायची, असं सांगायचे मला." हे तिला इतकी वर्षं आठवलं नव्हतं. तिच्याच शब्दांत लिहून घेतलं, मोबाईलवर रेकॉर्डही केलं.

कागद-फिल्म थांबतील, माणसं थांबत नाहीत. हे रेकॉर्डिंग मी १२ जानेवारीलाच सुरू करायला हवं होतं.

४ मे

उरलेली पानं आली. सिनेमाच्या पाट्यांची शेवटची नोंद शके १८५३ची. १४ मार्च १९३१ला गिरगावातल्याच मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' लागला, पात्रं पडद्यावर बोलायला लागली. 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ला लागला तो कॉरोनेशनमध्ये, तेही गिरगावात. पणजोबांचा हा धंदा जन्मला आणि संपला तो या दोन थिएटरांत, घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर. त्यानंतर वहीत दुकानांच्या पाट्या : कापडवाला, वैद्य, खाणावळ.

२६ मे

पावसाने घात केला. मी सगळं जूनच्या पहिल्या आठवड्यात डोंबिवलीला हलवणार होते. मान्सून आजच मुंबईत आला, नेहमीच्या तारखेपेक्षा सोळा दिवस आधी. फेब्रुवारीत खोलीतली आर्द्रता ५८ टक्के होती, आज ८४. भिंतीलगतच्या पेटीतल्या दोन पाट्यांच्या पाठीवर बुरशीचे राखाडी ठिपके.

ब्रशने झटकायचा मोह झाला, पण ओली बुरशी झटकली तर फासली जाते. पंखा लावून (थेट पाट्यांवर नाही) दोन दिवस सुकू दिलं, मग मास्क लावून कोरड्या ब्रशने बाल्कनीत काढलं. डांबरगोळ्या आत्याने मायेने ठेवल्या होत्या, त्या काढून टाकल्या. सिलिका जेल ६०० रुपयांचं. पेट्या भिंतीपासून हातभर लांब, जमिनीपासून वर.

१५ जून

टॅक्सीने सगळं डोंबिवलीला. १,१५० रुपये. पेट्या आडव्या, मांडीवर पाटी क्रमांक १४ची.

२९ जून

फिल्मचं स्कॅन आलं. फिल्म आकसली आहे, प्रोजेक्टरवर कधीच चालणार नाही, पण चौकट-चौकट करून टिपली आहे. निगेटिव्ह होती, उलटवल्यावर काळ्यावर पांढरी अक्षरं. वर मराठी, खाली गुजराती, त्याखाली इंग्रजी :

'माते, निरोप दे. रात्र सरण्यापूर्वी मला नदी ओलांडावयाची आहे.'

मी आधी 'ळ' शोधला. मजकुरात 'ळ' नाहीच. मग हात त्यांचाच हे कशावरून म्हणायचं? वहीचं टिपण उघडून शोधलं. पौष शके १८४३, हेच वाक्य, अक्षर अन् अक्षर. पुढे : 'फु. ११'.

फाईलमधल्या चौकटी मोजल्या. १७६. पस्तीस मिलिमीटरच्या एका फुटात सोळा चौकटी येतात. सोळा गुणिले अकरा, एकशे शहात्तर.

फुलं नव्हेत, फूट. पाटी पडद्यावर किती वेळ राहील ते पणजोबा फुटांत लिहून ठेवत होते. मोडीच्या बाईंना फोन केला, त्या म्हणाल्या, "थांबा, मी माझ्या वहीत दुरुस्त करते," आणि सगळ्या ४८ पानांवरचं 'फुले?' खोडलं.

३० जून

खोलीची किल्ली दिली. त्याआधी चौकातल्या पाण्याच्या टाकीवरची 'नळ बंद करावा' ही पाटी उतरवून घेतली. 'ळ'चं डावं वेटोळं लहान आहे.

आजवरचा एकूण खर्च १४,२०० रुपये. महिने साडेपाच. पाटी क्रमांक १४ च्या खपल्या बसवायला कागद-संवर्धन करणारी व्यक्ती शोधते आहे, मी स्वतः डिंक लावणार नाही.

६ जुलै

आत्या आता आमच्याकडे. तिला टीव्हीवर दाखवलं. मिळालेली फाईल सेकंदाला २४ चौकटींची होती, पाटी सात सेकंदांत गेली. आत्या 'ओलांडावयाची'पर्यंत पोहोचलीच नाही. "एवढ्या घाईत कोण वाचणार?" तिने विचारलं.

फाईलचा वेग बदलून १६ केला. त्या वेगाने एक फूट म्हणजे बरोबर एक सेकंद. पुन्हा लावलं. आत्याने चष्मा सारखा केला आणि मोठ्याने, एकेक शब्द सोडवत वाचलं, थिएटरात न वाचता येणाऱ्या शेजाऱ्याला वाचून दाखवावं तसं. तिचं वाचून झालं तेव्हा पाटी अजून पडद्यावर होती.